माळव्याच्या पेट्या

माघ लागला की मंदसौर-नीमचकडची शेतं पांढरी होतात. पोस्ताचं फूल फार टिकत नाही. पाकळ्या गळल्या की मागे हिरवा डोडा राहतो आणि खरं काम तेव्हा सुरू होतं. दुपार कलली की बारीक पात्यांच्या हत्याराने डोड्याला चिरे द्यायचे. रात्रभर चीक पाझरतो, साकळतो, तपकिरी होतो. सकाळी उन्हं तापायच्या आत तो खरवडून भांड्यात घ्यायचा. तिकडे ह्या कामांना चिराई आणि लुवाई म्हणतात. काही दिवसांनी तोच डोडा पुन्हा चिरायचा, पुन्हा खरवडायचा, चीक संपेपर्यंत. पहिला चिरा देण्याआधी शेतात कालिकामातेची पूजा होते. पिकाला सरकारी पट्टा लागतो, तोही काही आरींचाच. गावोगाव लंबरदार, म्हणजे पट्टेदारांचा मुखिया, असतो आणि निघालेली सगळी अफू तोलाच्या ठिकाणी नेऊन सरकारला घालावी लागते.

माझं बालपण त्या जिल्ह्यात गेलं. वडील शाळामास्तर होते. घरात मराठी, दारात माळवी बोली. लुवाईच्या दिवसांत शेजारच्या बायका झुंजूमुंजू व्हायच्या आत शेतात असायच्या. परत येताना त्यांच्या हातांना आणि लुगड्यांना तो कडवट, ओला वास यायचा आणि डोकं जड झालंय असं त्या म्हणायच्या. हे पीक आपल्याकडे कधीपासून, असं कोणालाही विचारलं तर उत्तर एकच मिळे: जुन्या काळापासून. तो जुना काळ म्हणजे नेमका कोणता, त्यात पैसा कुठून आला आणि कुठे गेला, हे उमगायला मला अमिताव घोष यांच्या पुस्तकांपर्यंत यावं लागलं. त्या पुस्तकांनी मला पुष्कळ दिलं. त्यांत आमच्या गावाकडचं जे आलेलं नाही, ते तितकंच छळत राहिलं, म्हणून हे लिहिते आहे.

घोष १९५६ साली कोलकात्यात जन्मले, सामाजिक मानववंशशास्त्र शिकले आणि ऑक्सफर्डच्या प्रबंधासाठी इजिप्तमधल्या एका खेड्यात जाऊन राहिले. त्यांच्या लेखनाचं मूळ मला त्या खेड्यात दिसतं. त्या मुक्कामातून आलेलं 'इन अ‍ॅन अँटिक लँड' (१९९२) हे पुस्तक कोणत्या कप्प्यात ठेवायचं हे ग्रंथपालांनाही ठरवता येऊ नये असं आहे. एका बाजूला त्या खेड्यातली माणसं, दुसऱ्या बाजूला बाराव्या शतकात मंगळूरला येऊन राहिलेला अब्राहम बेन यीजू हा ज्यू व्यापारी आणि त्याचा गुलाम. कैरोच्या सिनेगॉगमध्ये साठून राहिलेल्या जुन्या पत्रांमध्ये त्या गुलामाचा उल्लेख ओझरता येतो आणि घोष त्या उल्लेखाचा माग काढत हिंदी महासागर ओलांडतात. व्यापाऱ्याच्या पत्रात ज्याला जेमतेम एक ओळ मिळाली त्या माणसाला पुस्तकाचा नायक करायचं, ही त्यांची पद्धत तिथे पक्की झाली. पुढे 'द ग्लास पॅलेस'मध्ये ब्रह्मदेश आला, 'द हंग्री टाइड'मध्ये सुंदरबन आलं. 'द ग्रेट डिरेंजमेंट' (२०१६) ह्या निबंधग्रंथात त्यांनी विचारलं की हवामान बदलत असताना आजची गंभीर कादंबरी त्याकडे पाठ का फिरवते. 'द नटमेग्स कर्स' (२०२१) जायफळाच्या बांदा बेटांवर डच कंपनीने १६२१ साली केलेल्या संहारापासून सुरू होतं. 'जंगल नामा' तर पद्यात आहे. २०१८ सालचा ज्ञानपीठ पुरस्कार त्यांना मिळाला. इंग्रजीत लिहिणाऱ्याला तो पहिल्यांदाच मिळत होता.

इतक्या तऱ्हेची पुस्तकं लिहिणाऱ्याबद्दल लोक सहज म्हणून जातात की तो विषय बदलत राहिला. मला तसं वाटत नाही. मिरी, जायफळ, साग, रबर, अफू: माल बदलतो, चौकशी तीच असते. हा माल कोणाच्या हातून निघाला, कोणत्या जहाजात चढला, वाटेत कोण बुडालं आणि शेवटी वाडा कोणाचा उभा राहिला. कागद सापडतात तिथे ते निबंध लिहितात आणि कागद संपतात तिथून कादंबरी. त्यांच्या दोन्ही प्रकारच्या पुस्तकांमधली ही ये-जा मला त्यांच्या कोणत्याही एका पुस्तकापेक्षा मोलाची वाटते.

अफूवर त्यांनी तीन कादंबऱ्या लिहिल्या: 'सी ऑफ पॉपीज' (२००८), 'रिव्हर ऑफ स्मोक' (२०११), 'फ्लड ऑफ फायर' (२०१५). आणि मग त्याच सामग्रीवर 'स्मोक अँड अ‍ॅशेस' (२०२३) हे कथेबाहेरचं पुस्तक. पहिली कादंबरी १८३८ साली गाझीपूरजवळ, दीती नावाच्या शेतकरी बाईच्या पोस्ताच्या शेतात उघडते. तिचा नवरा गाझीपूरच्या कंपनी सरकारच्या अफूच्या कारखान्यात कामाला आहे. तो आजारी पडल्याचा निरोप येतो आणि त्याला आणायला ती त्या कारखान्यात शिरते. आतला अंधार, हौदांत कमरेपर्यंत उभं राहून अफू तुडवणारी माणसं, गोळे वळणाऱ्यांच्या रांगा: ते प्रकरण मी वाचलं तेव्हा शेजारच्या बायकांचं डोकं का जड व्हायचं ते अंगावर आलं. घोष यांच्या पूर्वजांचं बिऱ्हाड बिहारमधल्या छपऱ्याला होतं. त्यांनी गंगेकाठून सुरुवात करावी हे स्वाभाविकच आहे.

गंगेकाठी सगळा कारभार कंपनीच्या मुठीत होता. पाटणा आणि बनारस अशा दोन एजन्सी. शेतकऱ्याला आगाऊ रक्कम द्यायची, पोस्त लावायला भाग पाडायचं, भाव आपण ठरवायचा आणि चीक दुसऱ्या कोणाला विकला तर शिक्षा. कारखान्यात त्याचे गोळे बनत, पाकळ्यांच्या पोळ्यांत गुंडाळले जात आणि एका पेटीत चाळीस गोळे भरून माल कोलकात्याच्या लिलावात जाई. तिथून पुढे तो खाजगी व्यापाऱ्यांचा. चीनमध्ये अफूला बंदी होती. कंपनीला चीनशी असलेला चहाचा व्यापार गमवायचा नव्हता, म्हणून चोरटी आयात दुसऱ्यांच्या नावाने चाले.

माळव्याची गोष्ट वेगळी आहे आणि ती मराठी माणसाच्या घरातली आहे. उज्जैन, मंदसौर, रतलाम, इंदूर, कोटा ह्या पट्ट्यात पोस्त पिकत होतं. ह्यातला मोठा मुलूख शिंदे आणि होळकरांचा. दौलतराव शिंद्यांनी राजधानी ग्वाल्हेरला नेली तरी उज्जैन त्यांचंच राहिलं. इथे ना एजन्सी होती ना सरकारी कारखाना. शेतकऱ्याला उचल गावचा सावकार देई. चीक जवसाच्या तेलात ठेवत, म्हणजे तो सुकत नसे. सावकाराकडून तो कसब्याच्या पेढीवर जाई, पेढीवाला त्याच्या वड्या करवून घेई, आणि मग दलाल, हुंडी, सट्टा अशा हातांतून तो समुद्राकडे निघे. दरबाराला जकात मिळे. इतिहासकार अमर फारूकी यांनी ह्या व्यवहारावर आयुष्यातली कित्येक वर्षं खर्च केली आहेत. त्यांचं 'स्मगलिंग अ‍ॅज सबव्हर्शन' हे पुस्तक माळव्याच्या प्रत्येक मराठी घरात असायला हवं असं मला मनापासून वाटतं.

कंपनीला हा माल खुपत होता, कारण तो तिच्या बंगालच्या मालाशी चीनच्या बाजारात टक्कर घेत होता. १८०३ साली गव्हर्नर-जनरल वेलस्लीच्या राजवटीत माळव्याची अफू पश्चिम किनाऱ्यावरून बाहेर जाऊ द्यायची नाही असं ठरलं. पण किनारा सगळा कंपनीचा कुठे होता? दमण पोर्तुगीजांचं होतं. माल दमणला पोचला की चीनच्या किनाऱ्यावरच्या, पोर्तुगीजांच्याच मकावचा रस्ता मोकळा.

मग २१ डिसेंबर १८१७ला महिदपूरची लढाई झाली. होळकरांची फौज हरली आणि पंधरा दिवसांनी, जानेवारी १८१८मध्ये, तहावर सह्या झाल्या त्या मंदसौरला. आम्हाला शाळेत हा तह मराठेशाहीच्या अस्ताचा एक टप्पा म्हणून शिकवला. त्याच तहाने कंपनीचा हात पोस्ताच्या शेतांपर्यंत पोचला, हे त्या धड्यात नव्हतं. पुढच्या दहा-बारा वर्षांत कंपनीने सगळे उपाय करून पाहिले. आधी स्वतःच माळव्याचा माल खरेदी करून लिलाव मांडला. मग एकेका संस्थानाला करारात बांधलं की पीक आणि विक्री आमच्या अटीवर. होळकरांनी सही केली. शिंदे दरबाराने केली नाही. ग्वाल्हेरच्या ह्या नकाराकडे मी कौतुकाने पाहत होते. नंतर लक्षात आलं की दरबार जपत होता ती जकात. चीनमध्ये तो माल कोण ओढतं ह्याच्याशी दरबाराला काही घेणं नव्हतं, आणि शेतात चिरा कोण देतं ह्याच्याशीही नव्हतं.

करारांनी माल थांबला नाही. शिपायांच्या चौक्या चुकवून तो पालीकडे, जैसलमेरकडे वळला, वाळवंटातून कराचीला उतरला आणि तिथून गलबतांनी पुन्हा दमणला आला. केवढा वळसा! मंदसौरहून निघालेली गोणी सरळ मुंबईला गेली असती तर किती दिवस वाचले असते, आणि तरी व्यापाऱ्यांना तो वळसा परवडत होता. १८३०च्या सुमारास कंपनीने हार मानली आणि दुसरी वाट धरली. माल मुंबईहून खुशाल न्या, पेटीमागे परवान्याचे पैसे भरा. १८३५ साली हा दर पेटीला १२५ रुपये होता. १८४३ साली इंग्रजांनी सिंध घेतला, कराचीची वाट बंद झाली आणि लगेच दर २०० झाला, १८४७पर्यंत ४००. पळवाट बुजली की कर चढतो, ह्याचं इतकं स्वच्छ उदाहरण मला दुसरीकडे सापडलं नाही. १८३०च्या दशकात माळव्याच्या पेट्या बंगालच्या बरोबरीला आल्या होत्या, एखाद्या वर्षी पुढेही गेल्या. शतकाच्या मध्याला हिंदुस्थान सरकारच्या एकूण उत्पन्नातला सहावा-सातवा हिस्सा अफूचा होता.

ह्या पेट्यांनी मुंबई घडवली. जमशेटजी जीजीभाई १७८३ साली जन्मले, तरुणपणी चीनच्या फेऱ्या करू लागले. १८०५ साली एका फेरीत त्यांचं जहाज फ्रेंचांनी पकडलं. त्याच जहाजावर विल्यम जार्डिन नावाचा डॉक्टर होता. पुढे त्याने जार्डिन मॅथिसन ही पेढी काढली आणि जमशेटजी तिचे हिंदुस्थानातले सगळ्यांत मोठे साथीदार झाले. त्यांचे मुंबईतले भागीदार मोतीचंद अमीचंद आणि महंमद अली रोगे. रोगे हे कोकणी मुसलमान, समुद्रावरच्या घराण्यातले. गोव्याच्या कुळातले रोजेरिओ द फारिया हेही ह्याच धंद्यातले. मकाव आणि दमण ह्या दोन्ही ठिकाणी पोर्तुगीज बोलणाऱ्या व्यापाऱ्याला दारं उघडी असत. पारशी, जैन, कोकणी मुसलमान, गोव्याचा ख्रिस्ती, मारवाडी सावकार, मराठी दरबार: इतक्या जातीधर्मांची माणसं एका मालाभोवती इतक्या सुरळीतपणे एकत्र आली होती.

'रिव्हर ऑफ स्मोक'मधला बहराम मोदी ह्याच मुंबईचा. जहाजबांधणी करणाऱ्या श्रीमंत घराण्याचा जावई, सासरी किंमत नसलेला, म्हणून १८३८ साली आजवरचा सगळ्यांत मोठा माल 'अनाहिता' जहाजात भरून कँटनला निघतो. माल माळव्याचा. कँटनमध्ये मार्च १८३९ला लिन झेश्यू हा चिनी आयुक्त येऊन पोचतो, परदेशी व्यापाऱ्यांना त्यांच्या वखारींत कोंडतो आणि सगळी अफू हवाली करायला लावतो. हे सगळं घडलेलं आहे. वीस हजारांहून जास्त पेट्या लिनच्या ताब्यात गेल्या आणि त्या वर्षीच्या जूनमध्ये हूमेनच्या किनाऱ्यावर खड्डे खणून, मीठ आणि चुनकळी घालून तो सगळा माल समुद्रात सोडला गेला. त्यांत माळव्याच्या आणि मुंबईच्या पेट्या पुष्कळ. घोष बहरामला खलपुरुष करत नाहीत. तो प्रेमळ आहे, उदार आहे, चिनी बाईपासून झालेल्या मुलावर जीव टाकतो आणि आपण विकतो त्या मालाने काय होतं हे त्याला माहीत आहे. लिनच्या हुकुमासमोर त्याचं जे होतं ते वाचताना मी पुस्तक मिटून बाजूला ठेवलं होतं. निबंधाला हे जमत नाही. निबंध सांगू शकतो की मुंबईच्या अमुक पेढ्यांचं दिवाळं वाजलं. स्वतःला चांगला मानणारा माणूस रात्री छताकडे बघत काय विचार करतो, ते सांगायला कादंबरीच लागते.

ह्यावरून इंग्रज आणि चीन ह्यांच्यात लढाई झाली, चीन हरला. २९ ऑगस्ट १८४२ला नानकिंगचा तह झाला तो 'कॉर्नवॉलिस' ह्या युद्धनौकेवर. ही नौका मुंबईच्या गोदीत वाडियांनी सागवानात बांधली होती, १८१३ साली पाण्यात उतरली होती. चीनने दोन कोटी दहा लाख रौप्य डॉलर द्यायचे ठरले, त्यांतले साठ लाख नष्ट केलेल्या अफूचे. हाँगकाँग इंग्रजांकडे गेलं. त्याच १८४२ साली जमशेटजींना 'सर' किताब मिळाला. हिंदी माणसाला मिळालेला तो पहिला.

१८४५ साली माहीमचा कॉजवे खुला झाला. पैसे जमशेटजींच्या पत्नी अवाबाईंचे. त्याच साली जे. जे. रुग्णालय. १८५७ साली कलाशाळा. पुण्यात मुळा-मुठेवर बंधारा झाला तोही जमशेटजींच्या देणगीतून, बंड गार्डनला नाव त्यावरूनच पडलं. लग्न होऊन मी पुण्यात आले तेव्हा ह्या बंधाऱ्यावरून येता-जाता मला तो इंग्रजांनी बांधला असं वाटे. ससून रुग्णालयाच्या (१८६७) मागे डेव्हिड ससून यांचा पैसा आहे. बगदादहून मुंबईला आलेल्या ह्या घराण्याने नंतरच्या काळात माळव्यातल्या व्यापाऱ्यांना पीक उभं असतानाच उचल द्यायला सुरुवात केली आणि जार्डिनसारख्यांना मागे टाकलं. डेव्हिड ससून १८६४ साली पुण्यातच वारले. त्यांची कबर 'लाल देऊळ' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सिनेगॉगच्या आवारात आहे. ह्या दोन्ही रुग्णालयांनी लाखो गरिबांचे जीव वाचवले. माझ्या घरची माणसं तिथे बरी झाली आहेत. त्या दगडांवर मला राग काढायचा नाही. दात्याची नावं भिंतीवर आहेत तशी तो पैसा ज्या पिकातून आला त्या पिकाचं आणि ज्या जिल्ह्यांतून आला त्या जिल्ह्यांचं नावही कुठेतरी असावं, एवढंच म्हणणं आहे.

इंदूरलाही ह्या पैशाच्या खुणा आहेत. इंदूरच्या रेसिडेन्सीचा अफूशी असलेला संबंध फार जवळचा. माल तोलून, परवाना घेऊन आग्रा रोडने सातपुडा आणि मग थळ घाट उतरून मुंबईला जाई. दुसऱ्या तुकोजीराव होळकरांनी रेल्वेसाठी सरकारला एक कोटी रुपयांचं कर्ज दिलं आणि खांडव्याहून इंदूरला रूळ आले. गहू, कापूस आणि अफू तिन्ही त्या रुळांवरून उतरू लागली. सराफ्यात अफूच्या भावावर सट्टा चाले. पुढे कापडगिरण्यांचे धनी झालेले सर हुकुमचंद ह्या सट्ट्यातून मोठे झाले, ही गोष्ट इंदूरची म्हातारी माणसं आमच्या लहानपणी अभिमानाने सांगत.

'स्मोक अँड अ‍ॅशेस'मध्ये घोष, फारूकींचा आधार घेऊन, एक मोठं विधान करतात. गंगेकाठी कंपनीची मक्तेदारी होती म्हणून नफा विलायतेला गेला आणि बिहार गरीब राहिला. माळव्यात मराठी संस्थानांनी आणि देशी व्यापाऱ्यांनी ती मक्तेदारी होऊ दिली नाही म्हणून पैसा इथे राहिला, मुंबईत भांडवल झाला, गिरण्या झाला. हे मला पटतं. आकडेही तेच सांगतात आणि इमारतीही.

पण 'इथे' म्हणजे कुठे? पैसा मुंबईत राहिला. थोडा इंदूर-उज्जैनच्या पेढ्यांत राहिला, थोडा दरबारांच्या खजिन्यात. मंदसौर जिल्ह्याच्या गावात तो राहिलेला मी पाहिला नाही. आमच्याकडच्या शेतकऱ्याला कंपनीचा शिपाई धमकावत नव्हता हे खरं. त्याच्या डोक्यावर सावकाराची वही होती. पोस्त हे मेहनतीचं पीक: खत, पाणी, निंदणी आणि मग चिराई-लुवाईचे ते दिवस, जेव्हा घरातलं प्रत्येक माणूस लागतं. उचल घेतलेली, भाव आधीच तुटलेला. मुंबईत पेटीचा भाव चढला तर फरक दलालाचा, पडला तर पुढच्या हंगामाची उचल कमी. एकाच वेळी देशी भांडवल फुलत होतं आणि देशी शेतकरी बांधला जात होता, दोघांच्या मध्ये एकही गोरा माणूस नसताना. घोष यांनी गाझीपूरच्या शेतातून दीती उभी केली. माळव्याच्या शेतातून त्यांच्या कादंबरीत बहराम आला, म्हणजे व्यापारी आला. माळव्याची दीती आलेली नाही. ती आणण्याची जबाबदारी त्यांच्यावर टाकणं बरोबर होणार नाही, कारण तिच्या दरबाराचे कागद मोडीत आहेत आणि तिच्या राज्यकर्त्यांची भाषा आपली आहे.

विरोध करणारीही माणसं होती. दादाभाई नौरोजी १८५५ साली कामा कंपनीतर्फे विलायतेला गेले आणि दारू-अफूचा नफा नको म्हणून त्या कंपनीतून बाहेर पडले. रवींद्रनाथांनी १८८१ साली, विशीत, चीनमधल्या ह्या मरणाच्या व्यापारावर बंगालीत लेख लिहिला. पुण्याच्या सुंदराबाई पवार ह्यांचं नाव मात्र आज कोणी घेत नाही. ह्या ख्रिस्ती शिक्षिका, पंडिता रमाबाईंच्या सहकारी. त्यांनी विलायतेत जाऊन सभा घेतल्या आणि १८९२ साली ब्रिटिश सरकारवर अफूच्या गुन्ह्याचा आरोप ठेवणारी पुस्तिका इंग्रजीत प्रसिद्ध केली. ज्या काळात पुण्याच्या पुरुष पुढाऱ्यांचं लक्ष संमतिवयाच्या वादात अडकलं होतं, त्या काळात एक मराठी बाई इंग्रज श्रोत्यांसमोर उभी राहून सांगत होती की तुमचं सरकार आमच्या घरांत विष विकतं. मला ह्या बाईंबद्दल फार आदर वाटतो.

त्यानंतर १८९३मध्ये शाही अफू आयोग बसला. त्यात दोन हिंदी सभासद होते, दरभंग्याचे महाराज आणि नडियादचे हरिदास विहारीदास देसाई. १८९५ साली आयोगाने निष्कर्ष काढला की बंदीची गरज नाही. गरज नव्हती ती खजिन्याला. १९०७ साली चीनशी करार झाला आणि तिकडची निर्यात दर वर्षी कमी करत १९१३मध्ये थांबली. देशातली विक्री चालूच राहिली. मुंबईच्या गिरणगावात बाया कामावर जाताना तान्ह्या मुलांना बाळागोळी देऊन निजवत, त्यात अफू असे. १९२२च्या सुमारास मुंबई सरकारसाठी पाहणी करणाऱ्या डॉक्टर बार्न्स ह्या बाईंना गिरणीत काम करणाऱ्या बहुतेक सगळ्या आयांच्या घरात ही गोळी आढळली. माळव्याच्या पेट्यांतून मुंबईत भांडवल आलं, भांडवलातून गिरण्या आल्या, आणि गिरणीत उभं राहण्यासाठी कोकणातून-घाटावरून आलेल्या बाईला आपलं पोर त्याच चिकाने गप्प करावं लागलं. एवढी साखळी पूर्ण झाली तरी आपल्या गिरणगावच्या साहित्यात अफू फारशी दिसत नाही.

आज नीमच आणि गाझीपूर इथल्या सरकारी कारखान्यांत ही अफू औषधासाठी जाते, वेदनाशामक मॉर्फिन आणि खोकल्यासाठी कोडीन. अंमलबजावणी करणाऱ्या केंद्रीय नार्कोटिक्स ब्यूरोचं मुख्यालय ग्वाल्हेरला आहे, म्हणजे ज्या दरबाराने एकेकाळी सही नाकारली त्याच्याच राजधानीत. गेल्या काही वर्षांत चिरा न देता डोड्यासकट पीक सरकारला देण्याचेही पट्टे निघाले आहेत. म्हणजे चिराई आणि लुवाई करणाऱ्या हातांची संख्या येत्या काळात घटेल.

त्या हातांची आठवण ज्यांना आहे अशा बाया अजून मल्हारगढ-मनासाच्या गावांत आहेत. त्यांच्याकडे जाऊन बसायला हवं, माळवी येणाऱ्या माणसाने. दुसरीकडे मुंबईच्या पुराभिलेखागारात अफू खात्याचे खंड आहेत, होळकर-शिंद्यांच्या दफ्तरांत जकातीचे मोडी कागद आहेत. घोष यांनी कैरोच्या पत्रांतून एक गुलाम शोधला, तो कोणाच्या तरी हिशेबात त्याचं नाव आलं म्हणून. उज्जैन परगण्याच्या एखाद्या हिशेबात लुवाईच्या मजुरीची रक्कम मांडलेली असेल. ती बाईला रोख मिळाली, धान्यात मिळाली, की नवऱ्याच्या उचलीत वळती झाली, हे मला त्या कागदांतून आधी बघायचं आहे.